अकरा नग भंगार

"बाबा, तुम्ही माझ्या कॉम्प्युटरला हात लावला होता का?"

सकाळी अकरा वाजता सुनेने आतल्या खोलीतून हे विचारलं, तेव्हा सासरे टेबलाशी बसून चष्मा पुसत होते. चष्मा स्वच्छ होता. तरी त्यांनी तो आणखी एकदा पुसला, डोळ्यांवर चढवला आणि मगच तोंड उघडलं.

"हात म्हणजे कसा?"

"हात म्हणजे हात! काही काढलं, पुसलं, हलवलं?"

"पुसलं ना. स्क्रीन पुसली परवा. केवढी धूळ होती!"

यात खोटं काहीच नव्हतं. स्क्रीन त्यांनी खरंच पुसली होती. त्यानंतर काय काय केलं, ते तिने विचारलं नव्हतं आणि न विचारलेल्या गोष्टी सांगत सुटण्याचा त्यांचा स्वभाव नव्हता.

सासरे चौतीस वर्षं पंप बनवणाऱ्या एका कारखान्यात स्टोअरकीपर होते. इमारतीत सगळे त्यांना स्टोअरकाका म्हणत. निवृत्त होऊन आठ महिने झाले होते. पहिल्या महिन्यात त्यांनी स्वयंपाकघर ताब्यात घेतलं. डब्यांना नंबर दिले, फळ्यांना अक्षरं दिली आणि साखर कुठे आहे असं बायकोने विचारल्यावर "क-चौदा" असं उत्तर दिलं. सासूबाईंनी चार दिवस सोसलं. पाचव्या दिवशी मीठ सापडेना, तेव्हा त्यांनी नवऱ्याला दाराबाहेर काढलं आणि उंबऱ्याच्या आत पाय टाकायचा नाही असं बजावलं. कारखान्यातून निवृत्त होताना निदान हार तरी घातला होता. ही दुसरी निवृत्ती सासऱ्यांच्या फारच जिव्हारी लागली. ते दिवसभर खिडकीशी बसून खाली उभ्या असलेल्या गाड्या मोजू लागले.

सून मनाने चांगली. तिला ते बघवेना. ती म्हणाली, "बाबा, माझ्या कॉम्प्युटरवर फोटोंचा नुसता पसारा झालाय. जरा लावून द्याल?" सासऱ्यांना इतका आनंद झाला, की त्यांनी दुसऱ्या दिवशी इस्त्रीचा शर्ट घालून कामाला सुरुवात केली. फोटो दीड दिवसात लागले. मग त्यांनी आजूबाजूला नजर टाकली आणि गोंधळ झाला तो तिथेच.

स्टोअरचा नियम असा, की जो माल तीन वर्षं हलला नाही तो डेड स्टॉक. फोटोंच्या शेजारच्या फोल्डरांमध्ये चार-चार वर्षांपूर्वीच्या तारखांच्या फायली पडून होत्या. त्यांची नावं म्हणजे दोन-तीन अक्षरं, एखादा आकडा आणि शेवटी डीएलएल. सासऱ्यांनी प्रत्येकीवर दोनदा टिचकी मारून पाहिली. एकही उघडली नाही. उलट "ही कशाने उघडायची?" असं कॉम्प्युटरच त्यांना विचारू लागला. ज्या वस्तूचं काय करायचं हे तिच्या मालकालाही ठाऊक नाही, तिच्याबद्दल आणखी काय चौकशी करायची? त्यांनी अशा दहा आणि दुसऱ्या फोल्डरातला तसाच न हललेला एक, असे एकूण अकरा नग बाहेर काढले. पण भंगार लगेच फेकायचं नसतं. नव्वद दिवस ठेवायचं असतं. म्हणून त्यांनी ते सगळे आपल्या पेन ड्राइव्हवर हलवले, अकराही नगांची यादी सुवाच्य अक्षरात लिहिली आणि दोन्ही वस्तू आपल्या कपाटातल्या पत्र्याच्या डबीत ठेवून दिल्या.

तात्पर्य, सून जी फाइल शोधत होती ती कुठे आहे हे सासऱ्यांना पक्कं ठाऊक होतं. फक्त ते सुनेला सांगायचं नव्हतं.

सुनेची अवस्था वाईट होती. ती नकाशे काढायची. सहा महिन्यांपूर्वी नोकरी सोडून तिने घरूनच काम सुरू केलं होतं आणि तिला स्वतःचं असं पहिलं काम मिळालं होतं. दातांच्या एक डॉक्टर नवा दवाखाना थाटत होत्या, त्याचा नकाशा. उद्या सकाळी गवंडी कामाला लागणार होते, म्हणून शेवटचा नकाशा आज पाचच्या आत हवा होता. डॉक्टरबाईंनी गोड आवाजात सांगून ठेवलं होतं, "पाचनंतर आला तर राहूच द्या. मी दुसऱ्या कुणाला तरी बघते." नकाशात एक बेसिन सरकवायचं आणि एक दार फिरवायचं, एवढंच राहिलं होतं. अर्ध्या तासाचं काम. पण प्रोग्रॅम सुरूच होत नव्हता. अमुक फाइल सापडत नाही, असं सांगून तो गप्प बसत होता.

"परत बसवावा म्हटलं तर सेटअपही जागेवर नाही," सून म्हणाली. "ह्यांनीच कुठेतरी हलवला असणार." हे म्हणजे तिचा नवरा. तो विमानात होता आणि रात्रीपर्यंत त्याचा फोन लागणार नव्हता. सासऱ्यांनी आपल्या मुलावर आलेला हा आळ मुकाट्याने ऐकून घेतला.

त्यांचा बेत साधा होता. सून पाच मिनिटं खुर्चीवरून उठली, की माल गुपचूप जागेवर ठेवायचा.

"तू दमलीस. जरा गॅलरीत जाऊन ये."

"नको बाबा."

"चहा घेतेस? आत जाऊन आपापला करून घे."

"तुम्ही मला चहा करायला उठवताय?"

"बेल वाजली बहुतेक."

"नाही वाजली."

सून त्या खुर्चीला चिकटून बसली होती. तिने दुरुस्तीवाल्याला फोन लावला आणि तो स्पीकरवर टाकला. दुरुस्तीवाला म्हणाला, की आपण सहाच्या आधी येऊ शकत नाही, पण घाबरायचं कारण नाही.

"ताई, ती लायब्ररी फाइल आहे. ती स्वतः काही करत नाही. प्रोग्रॅम तिला हाक मारतो आणि काम करून घेतो. रेघ मारायची, मार हाक. छापायचं, मार हाक. ती जागेवर नसली, की प्रोग्रॅम पहिल्याच पायरीवर अडतो."

"पण ती उघडत का नाही?" सासऱ्यांनी एकदम विचारलं.

"कोण उघडत नाही, काका?"

"नाही, म्हणजे... सहज आपलं. टिचकी मारली तर उघडते का, असं."

"तिला उघडायचं नसतंच. नुसतं जागेवर बसायचं असतं."

सासऱ्यांना हे फार लागलं. जी फाइल काही न करता आपली जागा धरून बसली होती आणि हाक आली की धावत होती, तिला आपण भंगारात काढलं. खिडकीशी बसलेल्या माणसाने तरी असं करायला नको होतं. त्यांना मनापासून वाईट वाटलं. तरीही त्यांनी तोंड उघडलं नाही.

"कुठल्या तरी वेबसाइटवरून उतरवून घेऊ नका," दुरुस्तीवाल्याने बजावलं. "फाइल मिळेल आणि तिच्यासोबत दहा रोग येतील. हाच प्रोग्रॅम ओळखीत कुणाकडे असेल तर त्याच्याकडून घ्या."

असा माणूस खालच्याच मजल्यावर होता. सुतार. तो कपाटांची डिझाइनं ह्याच प्रोग्रॅमवर करायचा.

"मी जातो!" सासरे ताडकन उठले. त्यांना मार्ग सापडला होता. कपाटातून पेन ड्राइव्ह घ्यायचा, जिन्यात दहा मिनिटं उभं राहायचं आणि आपलीच फाइल सुताराची म्हणून आणून द्यायची. सुताराच्या दारात पाऊलही टाकायची गरज नव्हती.

पण ते जिन्यात येऊन उभे राहतात न राहतात, तोच सुतार दार उघडून बाहेर आला.

"या काका! वहिनींचा फोन आला होता. इथे काय उभे?"

"दम खात होतो."

"उतरताना?"

सासऱ्यांचा नाइलाज झाला. ते आत गेले. आत एक गिऱ्हाईक दाम्पत्य कपाटाची चित्रं बघायला आलेलं होतं आणि सुताराचे दोन्ही हात कोपरापर्यंत डिंकाने भरलेले होते. तो म्हणाला, "काका, तुम्हीच घ्या. ते बघा फोल्डर, ती बघा फाइल."

सासऱ्यांनी फाइल उचलली आणि पेन ड्राइव्हवर हलवायला घेतली. तोच स्क्रीनवर प्रश्न आला. ह्या नावाची फाइल इथे आधीच आहे, ती बदलायची का?

सासऱ्यांचा हात थबकला.

"काय म्हणतंय?" सुतार मागून वाकला.

"काही नाही, काही नाही!" नाही म्हणावं, तर सुतार विचारणार, की फाइल खिशात असताना काका फाइल मागायला कसे आले. सासऱ्यांनी मनाशी हिशेब केला. नाव तेच, म्हणजे माल तोच. एका नंबरचे दोन बेअरिंग असले, तर ह्यातलं घ्या नाहीतर त्यातलं घ्या, काय फरक पडतो? त्यांनी "हो"वर टिचकी मारली. मग खिशातून कागद काढला, त्यावर "फाइल, एक नग, परतीच्या बोलीवर" असं लिहिलं, सही केली आणि ती चिठ्ठी सुताराच्या कीबोर्डखाली ठेवून ते वर आले.

वर सुनेने पेन ड्राइव्हवरचं बाकी काही न बघता घाईघाईत ती फाइल जागेवर ठेवली आणि प्रोग्रॅम सुरू केला. प्रोग्रॅमने आता नवीन तक्रार काढली. फाइल आहे, पण ही मला चालत नाही.

पुन्हा दुरुस्तीवाल्याला फोन गेला. त्याने दोन-तीन प्रश्न विचारले आणि निदान केलं. "त्यांचं मशीन जुनं, प्रोग्रॅमही दहा वर्षांपूर्वीचा. तुमचा नवा आहे. फाइलचं नाव एकच, पण आतला माल वेगळा."

"म्हणजे नट एकाच नावाचा, पण आटे वेगळे," सासरे पुटपुटले.

"बरोब्बर! काका, तुम्हाला कळलं!"

काकांना ते इतकं कळलं, की त्यांचं धाबं दणाणलं. आपल्या पेन ड्राइव्हवर खऱ्या आट्यांचा जो एकुलता एक नट होता, तो त्यांनी स्वतःच्या हाताने घालवला होता. दुपारचे तीन वाजत आले होते.

इतक्यात दारावर धक्के बसले. हात डिंकाने माखलेले असल्यामुळे सुतार बेल न वाजवता कोपराने दार ठोकत होता.

"काका, माझा प्रोग्रॅम उघडत नाहीये! गिऱ्हाईक बसलंय समोर!"

"काय म्हणतोय तो?" सासऱ्यांनी विचारलं.

"फाइल सापडत नाही म्हणतोय!"

"बरोबर आहे. ती इथे आहे."

"म्हणजे तुम्ही फाइल नेली ती नेलीच?"

"मग? आणायला पाठवलं, म्हणून आणली. चिठ्ठी ठेवलीय."

"अहो, चिठ्ठीने प्रोग्रॅम उघडतो का? कॉपी करायची होती!"

"म्हणजे काय करायचं?"

"म्हणजे तुमच्याकडेही येते आणि माझ्याकडेही राहते."

सासऱ्यांनी चष्मा काढला. "तुझ्याकडे किती होत्या?"

"एक."

"मला किती दिलीस?"

"एक."

"मग तुझ्याकडे शिल्लक किती?"

"एक!"

"ही दुसरी कुठून आली?"

"कुठून म्हणजे? आली!"

"कुणाकडून आली? आणली कुणी? उतरवून कुणी घेतली?" सासऱ्यांचा आवाज चढला. "अरे, माझ्या स्टोअरमध्ये एक वॉशर जरी असा आपोआप वाढला असता ना, तर तीन दिवस चौकशी चालली असती! कमी पडला तर चोरी झाली म्हणता येतं. जास्त झाला तर काय म्हणायचं?"

सासूबाई हे सगळं दारात उभ्या राहून ऐकत होत्या. त्या सुताराला म्हणाल्या, "तू कशाला वाद घालतोस? मी आयुष्यभर घातला. हात धू आणि फाइल घेऊन जा."

सुनेने सुताराची फाइल त्याला परत दिली आणि देताना मुद्दाम कॉपी केली. सासऱ्यांनी स्क्रीनवर ती फाइल दोन ठिकाणी एकदम पाहिली आणि नजर वळवली. सुतार गेला. त्याचं निभावलं. पण सुनेचा प्रोग्रॅम बंद तो बंदच.

पावणेचार वाजले. सून खुर्चीत मागे टेकून बसली होती. ती ओरडली असती, तर सासऱ्यांनी ऐकून घेतलं असतं.  पण तिने डोळे पुसले, फोन उचलला आणि डॉक्टरबाईंचा नंबर काढला.

"काय सांगणार आहेस?" सासऱ्यांनी विचारलं.

"होणार नाही म्हणून सांगते. उगाच त्यांना ताटकळत कशाला ठेवायचं?"

आता मात्र सासऱ्यांना राहवेना.

"थांब. फोन करू नकोस." त्यांनी कपाटातल्या डबीतून यादी आणली आणि पेन ड्राइव्हसोबत टेबलावर ठेवली. "फाइल मी काढली. ती एकटीच नाही, अकरा नग काढले. तीन वर्षं हलले नव्हते. तुझी खरी फाइल सकाळपासून माझ्याकडे होती. आता ती पण नाही. सुताराची तिच्यावर बसली. ती कॉपी मला आधी समजावली असतीस, तर..." एवढं बोलून ते थांबले, कारण चूक तिच्यावर ढकलली जात होती. "नाही. चूक माझी. सगळी माझी."

सून थंड आवाजात म्हणाली, "अकरा वाजता का नाही बोललात?"

"तू म्हणाली असतीस, बाबा, आता कॉम्प्युटर राहू द्या."

"म्हटलंच असतं!"

"तेच. मग मी दिवसभर काय करणार होतो?" सासऱ्यांनी पेन ड्राइव्ह टेबलावर सरळ करून ठेवला. "स्वयंपाकघर गेलं. हे एक राहिलं होतं."

सुनेला राग आला होता आणि तो खराखुरा होता. पण तिने समोरची यादी उचलली आणि वाचायला लागली. अक्षर इतकं वळणदार होतं, की डोळे आपोआप खाली सरकत गेले. नाव, तारीख, आकारमान, शेरा. "जीर्ण." "निरुपयोगी." "उघडत नाही." सातव्या नगावर ती अडखळली.

"बाबा, हे काय लिहिलंय? 'मोठा नग, एकदाच वापरलेला, जागा फार खातो'?"

"तो ना, दुसऱ्याच फोल्डरात होता. चार वर्षांपूर्वी एकदा वापरला, त्यानंतर कुणी ढुंकून पाहिलं नाही."

"अहो, हा सेटअप आहे!" सून खुर्चीतून उठली. दिवसभरात पहिल्यांदाच उठली. "मी सकाळपासून हाच शोधतेय! ह्याच्यातच सगळ्या फायली असतात! हा पेन ड्राइव्हवर आहे?"

"असणारच. भंगार नव्वद दिवस ठेवतो मी."

सेटअपने विचारलं, प्रोग्रॅम दुरुस्त करायचा का? सुनेने हो म्हटलं. मग पडद्यावरची हिरवी पट्टी हळूहळू सरकू लागली आणि सून, सासरे, सासूबाई तिघंही तिच्याकडे बघत उभे राहिले. गेलेल्या फायली एकेक करून आपापल्या जागी येऊन बसत होत्या. प्रत्येक नाव आलं, की सासरे यादीतल्या त्या ओळीवर बरोबरची खूण करत होते. चार वाजून पंचवीस मिनिटांनी प्रोग्रॅम उघडला. बेसिन सरकलं, दार फिरलं. चार वाजून छप्पन्न मिनिटांनी नकाशा गेला.

सासूबाईंनी चहा आणला. सून दोन घोट प्याली, मग सासऱ्यांकडे बघून म्हणाली, "मला अजून राग आलेला आहे हं."

"असू दे," सासरे अपराधी चेहऱ्याने म्हणाले. "येणारच."

"उद्यापासून तुम्ही फोटोंच्या बाहेर जायचं नाही."

म्हणजे फोटो राहिले होते. सासऱ्यांनी मान डोलावली आणि घाईघाईने चहाचा कप तोंडाला लावला.

सव्वापाचला फोन वाजला. डॉक्टरबाई होत्या. सुनेने तो स्पीकरवर घेतला.

"नकाशा आला हो वेळेवर. पण उघडतच नाहीये. तुम्ही तो नकाशे बघायचा प्रोग्रॅम दिला होता ना, तो म्हणतोय कसली तरी फाइल सापडत नाही. परवापर्यंत तर छान चालत होता! गवंडी सकाळी आठला येणारेत. आता काय करू मी?"

सुनेने फोन उचलून सासऱ्यांच्या हातात दिला. "बोला. आज ह्या विषयात तुमच्याइतकं कुणाला कळत नाही."

सासऱ्यांनी घसा साफ केला. खुर्ची पुढे ओढली.

"नमस्कार. मी त्यांचा सासरा. फाइलचं नाव सावकाश सांगा, घाई नाही. आधी एवढं सांगा, तुमच्याकडे नुकतंच कुणी रिटायर झालंय का?"



"माझे वडील," डॉक्टरबाई म्हणाल्या. "मागच्या महिन्यात. का हो? तुम्हाला कसं कळलं?"

"घरात आहेत?"

"हो, हे काय, शेजारीच बसलेत. मघापासून चष्मा पुसतायत."

"त्यांच्याकडे फोन द्या," सासरे अगदी हळुवार आवाजात म्हणाले. "आणि तुम्ही दोन मिनिटं बाहेरच्या खोलीत जा."